दोर आमचा

या, जरा पुढे सरकून बसा. अजून थोडे या, लाजू नका. ही हकीकत ओरडून सांगण्यासारखी नाही. ज्या दिवसांतली ती आहे, त्या दिवसांत ओरडून सांगणारे गल्लोगल्ली होते आणि त्यांचं एकही सांगणं खरं ठरलं नाही. देवाचं नाव घेऊन मी हळू सांगतो, तुम्ही लक्ष देऊन ऐका. दोरवाल्यांच्या घरातले आबा, जे प्रवचन बोलत नसत, गात असत, त्यांना आपण मागेच देवाघरी पोचवून आलो. आज त्यांच्या मागे उरलेल्यांचं ऐकायचं आहे. आणि एका दोराचं, जो एकाच सकाळी संतही झाला आणि आरोपीही.

दोरवाल्यांची दोरशाळा म्हणजे एक लांबच लांब पडवी. या टोकाला चाक, त्या टोकाला खुंटी, आणि मधल्या वाटेवर पिढ्यान्‌पिढ्यांच्या टाचांनी पाडलेला एक गुळगुळीत चर. टाचांनी, कारण दोर वळणारा माणूस उलटा चालतो. कमरेला तागाचा पेळू बांधायचा, एक टोक चाकाला अडकवायचं आणि बोटांतून धागा सोडत मागं मागं जायचं. आत्यानं, म्हणजे आबांच्या लेकीनं, जन्मभर हेच केलं होतं. शहरात तिला पाठमोरी आत्या म्हणत. ती नुसती भाजी आणायला निघाली तरी माणसं गमतीनं विचारत, "आत्या, आज तोंड पुढे?"

आबांचं प्रवचन या वाटेवरच जन्मलं. देव जग वळायला बसला, तेव्हा तोही असाच पाठमोरा, मागं मागं चालत गेला, असं त्यात होतं. म्हणून तो आपल्यापासून लांब लांब जातो खरा, पण त्याचं तोंड मात्र कायम आपल्याकडे असतं. आत्याला हे वाक्य गाताना दरवेळी भरून यायचं, आणि भरून आलं तरी बोटं थांबायची नाहीत. त्या प्रवचनाचा आणखी एक उपयोग होता, जरा कमी पवित्र. ते संपलं की पीळ पुरा झाला. शेवटची ओळ, "चाक फिरवणाऱ्याची आठवण ठेवा", म्हटली की चाकावरच्यानं हात काढायचा. घरात दुसरं मोजमाप नव्हतं.

आता शहराचं सांगतो. शहरावर हुकूम चालवणारा जुना हाकीम बायकोचे दागिने आणि स्वतःची औषधं घेऊन बोटीत बसून पळाला, तेव्हापासून शहरात पिठाची टंचाई झाली आणि भविष्याचा सुकाळ. ज्याला काल दाढी येत नव्हती त्याला आज दृष्टांत होत होते. त्यातले दोघे टिकले. एक उद्याबाबा. हा पूर्वी छत्र्या दुरुस्त करायचा, आणि ‘उद्या या’ असं गिऱ्हाइकांना सांगण्याचा त्याला इतका सराव होता की तोच पुढे धर्म झाला. उद्या सगळं मिळणार होतं. त्याचं भजनही होतं, फार गोड चालीचं, फक्त त्याला शेवटचं कडवं नव्हतं. ते उद्या उतरणार होतं. दुसरी होती समिती. समितीजवळ भजन नव्हतं, नकाशा होता. त्यात रुंद रस्ते, बागा आणि कारंजी होती. दोरशाळेच्या जागी निळं तळं रंगवलेलं होतं. आत्याचा थोरला भाचा समितीत होता. त्यानं चिटणिसांना भीत भीत विचारलं, "आमची पडवी कुठं गेली?" चिटणीस म्हणाले, "तळ्यात होड्या असणार. होड्यांना दोर लागणारच." थोरला हे घरी इतक्या अभिमानानं सांगत आला, की त्याची बायको, घरातली थोरली सून, म्हणाली, "मग आपण राहायचं कुठं? होडीत?"

धाकटा भाचा उद्याबाबांचा. हे सांगायला नकोच. एका घरात दोन भाऊ आणि शहरात दोन पक्ष, म्हणजे वाटणी आपोआप होते.

हाकिमाचा घोड्यावर बसलेला पुतळा चौकात होता. समितीनं तो पाडायचा दिवस ठरवला. उद्याबाबांनी लगेच जाहीर केलं, की ज्या उद्याबद्दल आपण बोलत होतो तो हाच. त्यामुळे शहरात प्रथमच दोन्हीकडची माणसं एक दोर ओढायला उभी राहिली. दोर अर्थात दोरवाल्यांचा. माणसांनी ओढला, पुतळा कलला, सगळे ‘हो’ म्हणाले, आणि दोर मधोमध तुटला. पुतळा तिरका झाला तो झाला, पडला नाही. आणि तुटलेल्या टोकाच्या गाभ्यात सगळ्यांना लालभडक काहीतरी दिसलं.

उद्याबाबांनी दोन्ही हात वर केले. "दोरातून रक्त आलं!"

चिटणिसांनीही हात वर केला. "घातपात!"

अर्धा दोर शिष्यांनी मखमली उशीवर ठेवला. उरलेला अर्धा समितीनं पुरावा म्हणून कुलपात घातला. दोराचं तुटलेलं टोक चाबकासारखं मागं आलं, ते कडेला उभ्या असलेल्या कंदीलवाल्याच्या छातीवर बसलं. तो कुणाचाच नव्हता, नुसता बघायला आला होता. त्याला उचलून घरी नेलं. पण एवढ्या मोठ्या ऐतिहासिक प्रसंगी त्याच्याकडे कोण बघणार?

दुसऱ्या दिवशी सकाळी दोरशाळेत घरची सभा भरली.

आत्या चाकाशेजारच्या पाटावर बसली होती. वहिनी, म्हणजे तिच्या वारलेल्या भावाची बायको आणि दोन्ही मुलग्यांची आई, डोक्यावरून पदर घेऊन धाकट्याच्या इतकी जवळ बसली होती की त्याला आतापासूनच कुणी पळवून नेणार आहे असं वाटावं. थोरला उभा होता. समितीत गेल्यापासून तो घरातही उभ्यानंच बोलायचा.

"हे बघा, वेळ नाही," थोरला म्हणाला. "थोड्याच वेळात चिटणीस येणार. दोर कुणी वळला ते विचारणार. धाकट्यानं वळला. लपवण्यात अर्थ नाही."

"लपवतोय कोण?" धाकटा शांतपणे म्हणाला. त्याच्या चेहऱ्यावर कालपासून एक तेज आलं होतं आणि त्या तेजामुळे तो जेवला नव्हता. "मीच वळला. बाबा म्हणाले, ज्याच्या हातून दोर रडला तो हात साधा नाही. आज ते मला न्यायला येतायत. पालखी पाठवतायत."

"पालखी!" वहिनीच्या तोंडून निघालं. तिला धाक वाटला की आनंद झाला हे तिचं तिलाच ठरवता येईना. मुलगा तुरुंगात जाण्यापेक्षा पालखीत जावा, इतकं मात्र तिनं मनाशी पक्कं केलं. पालखीला गादी तरी असते.

आत्यानं धाकट्याकडे बघितलं. "काय रे, त्या दोराच्या गाभ्यात लाल काय असतं?"

"आत्या, तुला माहितीय."

"मला माहितीय. तुझ्या तोंडून ऐकायचंय."

घरातल्या प्रत्येकाला माहीत होतं. दोरवाल्यांच्या प्रत्येक दोराच्या गाभ्यात एक लाल सूत असतं. आबांच्या आजोबांपासूनची खूण. दोर चोरीला गेला, कुणी आपला म्हणून सांगितला, तर कापून दाखवायचा. म्हणूनच ती खूण घराबाहेर कुणाला सांगायची नाही, असा दंडक होता.

"खुणेचं सूत," धाकटा शेवटी म्हणाला. "मीच घातलं. या हातानं."

"मग रक्त कुठून आलं?"

"सूत मी घातलं, आत्या. पण त्या वेळी ते इतकं लाल नव्हतं."

थोरली सून कोपऱ्यात तागाची गाठोडी बांधत होती. तिनं मान वर केली. "भाऊजी, ते मीच रंगवलंय. न्हाणीघरात अजून डाग आहेत. तिथंही पालखी पाठवणार का तुमचे बाबा?"

"वहिनी, तुम्हाला श्रद्धा नाही," धाकटा थोरल्या सुनेला म्हणाला.

"श्रद्धा आहे हो. रंगाची बादलीसुद्धा आहे."

आत्याला हसू आलं, पण तिनं ते गिळलं. तिची स्वतःची श्रद्धा कुणी बादलीत मोजावी अशी नव्हती. पहाटे उठून देवाशी बोलल्याशिवाय तिनं पाण्याचा घोट घेतला नव्हता कधी. म्हणून तर तिला राग येत होता. देवाला चमत्कार करायचा असता तर पुतळ्याच्या घोड्याला उडवलं असतं, एका सुतावर कशाला भागवलं असतं?

"हे बघ," थोरला आता धाकट्याजवळ बसला आणि आवाज खाली आणून बोलू लागला, म्हणजे आता तो खरंच काहीतरी मागणार होता. "चिटणिसांशी माझं बोलणं झालंय. तू इतकंच सांगायचं, की बाबांनी मला दोर कच्चा वळायला लावला. त्यांना पुतळा पडायला नको होता. झालं. तू सुटलास, बाबा अडकले, पडवी वाचली. नकाशात तळं थोडं सरकवतील. त्यांनी शब्द दिलाय."

"म्हणजे मी खोटं बोलू?"

"खोटं कसलं? राजकारण आहे ते."

"आणि पालखीत बसलो तर?"

"तर तू पालखीत आणि आम्ही बाहेर. उद्या बाबा पडले की आम्ही सगळे आत."

वहिनीनं हे ऐकलं आणि ती जागच्या जागी सरकली, धाकट्यापासून वीतभर लांब. पालखीला गादी असते, पण पालखी पडू शकते, हे तिच्या ध्यानात आलं नव्हतं. "थोरल्याचं ऐक बाबा," ती म्हणाली. "कुणाचं तरी ऐकावंच लागतं."

"आई, तू आत्ता पालखी म्हणत होतीस!"

"आत्ता मला पुढचं माहीत नव्हतं."

"वन्सं, तुम्ही तरी सांगा याला," वहिनी आत्याकडे वळली.

आत्या उठली. चाकाला हात लावला आणि ते एकदा रिकामंच फिरवलं. कुरकुरलं. ती म्हणाली, "तू दोर वळलास तेव्हा काय गात होतास?"

धाकट्याला हा प्रश्न अपेक्षित नव्हता. "बाबांचं भजन."

"आबांचं नाही?"

"आबांचं जुनं झालं, आत्या. पुतळा पाडायचा दोर. त्याला नवं गाणं हवं."

"बरं. नवं तर नवं. थांबलास कधी?"

धाकटा बोलायला गेला आणि थांबला. त्याच्या चेहऱ्यावरचं ते तेज पहिल्यांदा जरा हललं.

"त्या भजनाला शेवटचं कडवं नाही," आत्या म्हणाली. "ते उद्या उतरणार. मग चाक कधी थांबलं?"

"चाक मी फिरवत नव्हतो," धाकटा हळूच म्हणाला.

सगळ्यांच्या माना थोरल्याकडे वळल्या. थोरला उभा राहिला. उभं राहिल्यावर त्याला नेहमी बळ यायचं, पण या वेळी आलं नाही.

"मी फिरवत होतो," तो म्हणाला. "त्यात काय?"

"सांगा की," थोरली सून गाठोडं सोडून पुढं आली. "काय गात होतात तेही सांगा. मी इथं उभी होते. भाऊजी तिकडे ‘उद्या येईल, उद्या येईल’ करत मागं मागं चाललेत, डोळे मिटून. आणि हे इकडे समितीचं संचलनगीत गुणगुणत चाक गरगरा फिरवतायत, एक दोन, एक दोन. मी म्हटलं, अहो पुरे. तर म्हणाले, क्रांती अर्ध्यावर थांबत नाही."

जास्त पीळ दिलेला दोर कसा होतो, ते या घरातल्या मांजरालाही ठाऊक होतं. हाताला तारेसारखा कडक लागतो, दिसायला मजबूत. अनोळखी माणूस त्याला शाबासकी देतो. ताण आला की लवायचं विसरतो आणि तुटतो. म्हणून आबा म्हणायचे, की थांबायचं कुठं ते गाण्यात आधीच असू द्यावं. हाताच्या मर्जीवर सोडू नये.

"म्हणजे घातपात झाला तो असा," थोरली म्हणाली. "एका भावाला शेवट नको होता आणि दुसऱ्याला थांबायचं नव्हतं. आता चिटणिसांना सांगा, घातपाताचा दुसरा हात तुमच्या समितीतच आहे."

समितीत थोरल्याला अजून खुर्ची मिळायची होती. "हे बाहेर बोलायचं नाही हं," तो म्हणाला, आणि मग धाकट्याकडे बघून एकदम प्रेमानं, "पालखी किती वाजता येणार म्हणालास?"

वहिनी परत सरकून धाकट्याजवळ आली.

आत्यानं चाकाचा हात सोडला. तिला बोलायचं नव्हतं, पण बोलणं आता तिच्यावर येऊन पडलं होतं. "मी पण ऐकत होते," ती म्हणाली. "आत भाकऱ्या करत होते. चाक थांबत नाही हे मला ऐकू येत होतं. मला वाटलं, आबांचं गाणं नको ना तुम्हाला? मग घ्या. आपटा तोंडावर. म्हणून मी उठले नाही. रुसून बसले तव्यापाशी." मग तिनं विचारलं, "कंदीलवाल्याचं काय झालं, कुणी बघायला गेलं का?"

कुणी गेलं नव्हतं.

"आपल्या घरची रीत काय?"

उत्तर सगळ्यांना येत होतं. घरचा दोर कुठंही तुटला तर घरातल्या माणसानं स्वतः जायचं, लोकांसमोर ‘दोर आमचा’ म्हणायचं, तुटलेली टोकं उचलायची आणि घरी आणून खुंटीला लावायची. आबांनी एका विहिरीवरून असं टोक आणलं होतं, तिथल्या माणसाच्या शिव्या खात. ते अजून भिंतीवर लटकत होतं. नवीन शिकणाऱ्याला आधी ते दाखवायचं, मग चाकाला हात लावू द्यायचा.

"आत्या, टोकं आता मिळणार नाहीत," धाकटा म्हणाला. "एक उशीवर आहे, एक कुलपात."

"टोकं राहू देत. माणूस तर आहे ना तिथं?"

"‘दोर आमचा’ म्हटलं तर दोघंही आमच्या मागं लागतील," थोरला म्हणाला.

"लागू देत. आपण इतकी वर्षं मागंच चाललोय."

बाहेर गलका झाला. समोरून पालखी येत होती. मागच्या गल्लीतून चिटणीसही येत होते, चार माणसं घेऊन. दारात दोन्ही एकदमच पोचले आणि आधी आत कोण शिरणार यावर तिथंच बाचाबाची सुरू झाली. उद्याबाबांचा पहिला शिष्य, जो पूर्वी छत्र्यांच्या दुकानात काड्या मोजायचा, म्हणाला, "आम्हाला बोलावणं वरून आलंय."

चिटणीस म्हणाले, "आम्हाला खालून. जनतेकडून."

"वरून आणि खालून आलेल्यांनी जरा बाजूला व्हा," थोरली म्हणाली. "मधल्यांना बाहेर जायचंय."

आत्या पुढे, तिच्या मागं धाकटा. थोरला क्षणभर दारात अडखळला. मग त्यानं छातीवरचा समितीचा बिल्ला काढला, खिशात ठेवला, फेकला नाही. एवढीच त्याची हिंमत होती आणि ती त्या दिवशी पुरली. तोही निघाला. वहिनी मुलांच्या मागं निघाली, कारण आता दुसरीकडे सरकायला जागाच उरली नव्हती.

रस्त्यानं जाताना लोक बघत राहिले. "आत्या, आज तोंड पुढे?" कुणीतरी विचारलं.

"हो रे," आत्या म्हणाली. "जिथं चाललोय तिथं पाठ दाखवून कसं चालेल?"

कंदीलवाल्याचं घर म्हणजे एकच खोली. छताला कंदील टांगलेले, दुरुस्तीचे, कुणाची काच नाही, कुणाची वात नाही. दिवसाढवळ्या ते सगळे विझलेले होते आणि त्यांच्याखाली तो निजला होता. श्वास घेताना छातीतून घरघर ऐकू येत होती. दाराबाहेर मात्र मोठी गर्दी. एका बाजूला उद्याबाबांची माणसं पांढरं कापड घेऊन बसली होती, दुसऱ्या बाजूला समितीची माणसं झेंडे घेऊन. दोन्हीकडे तिरड्या तयार. शिष्य म्हणत होते, रक्ताच्या दोरानं निवडलेला पहिला संत. समितीवाले म्हणत होते, घातपाताचा पहिला हुतात्मा. अडचण एकच होती, की तो अजून जिवंत होता. दोन्हीकडची माणसं अधूनमधून दारातून डोकावत आणि जराशी निराश होऊन मागं फिरत.

त्याची बायको दारात उभी राहिली. पदर कमरेला खोचलेला, डोळे कोरडे. "आता तुम्ही कोण? कुणाचे?"

पालखीवाले आणि चिटणीस मागोमाग येऊन पोचले होते. सगळे ऐकत होते. आत्यानं धाकट्याकडे बघितलं नाही. काही गोष्टी बघितल्यानं अडतात.

उभ्या शहरात त्या घटकेला ‘मला संत व्हायचं नाही’ म्हणणारा धाकटा एकटाच होता, आणि ते म्हणणं भजन म्हणण्यापेक्षा फार जड होतं.

"दोर आमचा," तो म्हणाला. "मी वळला. पीळ जास्त झाला, म्हणून तुटला. लाल ते रक्त नाही, आमच्या घरची खूण आहे. घातपात नाही. चूक आहे."

"चाक मी फिरवत होतो," थोरला मागून म्हणाला. ते चिटणिसांना ऐकू जाईल की न जाईल इतक्या आवाजात म्हणाला, पण म्हणाला.

"आणि मला ऐकू येत होतं," आत्या म्हणाली.

कंदीलवाल्याच्या बायकोनं एकेकाकडे बघितलं. मग पुढे होऊन धाकट्याच्या थोबाडीत मारली. जोरात. मग तिनं पाण्याचं भांडं उचलून त्याच्याच हातात दिलं.

"कालपासून शंभरजण येऊन गेले," ती म्हणाली. "सगळे म्हणतात, हा माणूस आमचा. दोर आमचा म्हणणारे तुम्ही पहिले. आत या. त्याला उशाशी धरून बसवा, निजलं की श्वास अडकतो. मला विहिरीवर जायचंय."

ते आत गेले. बाहेर शिष्य म्हणाला, की दोर वळणारा सत्य नाकारील हे बाबांनी आधीच सांगितलं होतं. चिटणीस म्हणाले, की निष्काळजीपणावर खटला भरता येतो, पण तो भरला तर चाकावर कोण होतं हेही निघेल, तेव्हा समिती विचार करील. पालखी रिकामी परत गेली, पण रिकामी पालखी बघूनही काही जणांनी नमस्कार केला. सवय झाली होती.

कंदीलवाल्यानं डोळे उघडले. धाकट्याच्या छातीला टेकून त्याला जरा बरं वाटलं होतं. त्यानं आत्याला ओळखलं. "पुतळा पडला का, आत्या?"

"नाही रे. तिरका उभा आहे."

"बरं झालं," तो म्हणाला. "खाली पोरं उभी होती." मग म्हणाला, "गा की काहीतरी. बाहेरचे कालपासून गातायत. संपतच नाही त्यांचं."

आत्या गायली. आवाज म्हातारा झाला होता, सूर पक्का होता. देव पाठमोरा चालत गेला, जग वळत, बोटांतून सोडत, आणि त्याचं तोंड आपल्याकडेच राहिलं. दुसऱ्या कडव्याला थोरल्यानं साथ दिली. तिसऱ्याला धाकट्यानं. बाहेरच्या भजनवाल्यांपैकी काहींनी नाइलाजानं कान दिला, कारण हे गाणं कुठंतरी चाललंय असं वाटत होतं. आत्या शेवटच्या ओळीपाशी आली आणि थांबली, जिथं थांबायचं असतं तिथं.

कंदीलवाला दोन्ही तिरड्यांना वाट बघायला लावून आणखी काही दिवस जगला. त्या दिवसांत दोरवाल्यांच्या घरातलं कुणी ना कुणी त्याच्या उशाशी असायचं, आणि सगळ्यात जास्त धाकटा. एका दुपारी दोन्ही मिरवणुका जेवायला गेल्या असताना कंदीलवाला गेला. परत येऊन त्यांनी फार आरडाओरडा केला, की आम्हाला कळवलं का नाही. पण तोवर घरच्यांनी त्याला पोचवलंही होतं. धाकट्यानं खांदा दिला होता, आणि कंदीलवाल्याच्या बायकोनं तो देऊ दिला होता.

पुतळा अजून तिरका आहे. त्याचा अर्थ दरवर्षी नव्यानं सांगतात. उशीवरच्या दोराला हल्ली काच बसवली आहे, आणि कुलपातला दोर उंदरांनी खाल्ला. टोकं घरी कधी आलीच नाहीत. म्हणून दोरशाळेत आबांच्या विहिरीवरच्या टोकाशेजारी एक खुंटी रिकामी आहे. नवीन शिकणाऱ्याला आधी ती दाखवतात, मग चाकाला हात लावू देतात. आणि आबांच्या प्रवचनात आत्यानं एक बदल केला. आबांना आवडला असता असं तिला वाटलं. चाक फिरवणाऱ्याची आठवण कुणी करून द्यायची गरज नसते, असं ती म्हणायची. तो चाकापाशी असतोच. शेवटची ओळ आता वेगळी आहे, आणि ती ऐकली की चाकावरचा हात आपोआप निघतो.

तुम्हीही ती ऐकून मगच उठा. काचेतल्या दोराला नमस्कार केलात तरी चालेल, देव तिथंही रागवायचा नाही. पण घरी जाऊन दिवा लावाल तेव्हा एक करा. तो कुणाचाच नव्हता, नुसता बघायला आला होता, आणि त्याच्या छताला टांगलेले कंदील अजून दुरुस्त व्हायचे राहिलेत. कंदीलवाल्याची आठवण ठेवा.